लॉस एंजेलिसमध्ये लोक टीव्हीवर पोलिसांनी केलेला गाडीचा पाठलाग तासन्‌तास का बघत बसतात?

शेवट काय होणार हे कुणालाच माहीत नसतं, अगदी निवेदकालाही. म्हणून माणूस खिळून राहतो. त्यात लॉस एंजेलिसला रुंद फ्रीवेंचं, म्हणजे सिग्नल नसलेल्या महामार्गांचं जाळं, बहुधा निरभ्र आकाश आणि वाहिन्यांची हेलिकॉप्टर्स. केटीएलए वाहिनीने तर १९५८ मध्येच हेलिकॉप्टरवर कॅमेरा चढवला होता.

१७ जून १९९४ चा पाठलाग आठवा. पांढऱ्या फोर्ड ब्रॉन्कोत मागच्या सीटवर खुनाचा आरोप असलेला माजी अमेरिकन फुटबॉलपटू ओ. जे. सिम्प्सन, गाडी चालवणारा त्याचा मित्र आणि मागे अंतर ठेवून येणारी पोलिसांच्या गाड्यांची रांग. वेगही फारसा नव्हता! तरी सुमारे साडेनऊ कोटी लोकांनी ते पाहिलं. एनबीसी वाहिनीने तर एनबीए या बास्केटबॉल लीगच्या अंतिम फेरीचा सामना चालू असताना पडद्याचे दोन भाग केले. पुलांवर लोक फलक घेऊन उभे होते.

मला मात्र यातला उतावळेपणा मनापासून खटकतो. ३० एप्रिल १९९८ ला तिथल्याच फ्रीवेवर एका माणसाने थेट प्रक्षेपणात जीव दिला, आणि काही वाहिन्यांनी त्यासाठी मुलांचे कार्यक्रम मध्येच थांबवले होते. चित्र काही सेकंद उशिराने सोडलं तर असा क्षण वेळीच कापता येतो. तेवढं प्रत्येक वाहिनीने करायलाच हवं.