अर्थसंकल्प वाचायला पुरवणी मागण्यांपासून लाग

बघ भाऊ, राज्याचा अर्थसंकल्प समजून घ्यायचाय तर मार्चमधल्या मुंबईच्या भाषणावर थांबू नको. भाषणात घोषणा असतात, पैसा मागण्यांत, म्हणजे प्रत्येक विभागाने सभागृहाकडे खर्चासाठी मागितलेल्या रकमांत असतो.

आकडे खालून वर जातात. कार्यालयांचे अंदाज विभागप्रमुखांकडे, तिथून मंत्रालयातल्या विभागाकडे, मग वित्त विभागाकडे. खरी काटछाट इथेच होते. म्हणून आपल्या भागातल्या कामाचा प्रस्ताव मार्चच्या कितीतरी महिने आधी गेलेला असावा लागतो. जिल्हा वार्षिक योजनेचा आराखडा वेगळा, तो पालकमंत्र्यांच्या अध्यक्षतेखालच्या जिल्हा नियोजन समितीत ठरतो. त्या बैठकीचं इतिवृत्त मिळव, फार कामाचं असतं.

सभागृहात विभागवार मागण्यांवर मतदान फक्त विधानसभेत होतं. विधान परिषद चर्चा करते, विनियोजन विधेयक, म्हणजे तिजोरीतून पैसा काढायला परवानगी देणारं विधेयक, १४ दिवसांपलीकडे अडवू शकत नाही. कर्जावरचं व्याज भारित खर्चात, म्हणजे थेट राज्याच्या तिजोरीवर टाकलेल्या खर्चात येतं, त्यावर मतदानच नाही. वेळ संपली की उरलेल्या मागण्या चर्चेविना मंजूर होतात. मला हे फार खटकतं, कारण त्यात कधीकधी मोठे विभाग असतात.

आपल्या नागपुरात डिसेंबरमध्ये अधिवेशन भरतं, तेव्हा पुरवणी मागण्यांचं, म्हणजे वर्षाच्या मधेच मागितलेल्या जादा पैशाचं पुस्तक नक्की वाच. मूळ अंदाज कुठे कमी पडला, कोणता खर्च मागाहून शिरला, ते त्यात दिसतं.

आणि तरतूद झाली म्हणजे पैसा आला असं समजू नको. बीम्स या सरकारच्या ऑनलाइन निधी-वितरण प्रणालीवर वितरित निधी आणि झालेला खर्च पाहा, मगच कार्यालयात विचारायला जा.