दोन्ही चौकोन एकाच रंगाचे आहेत हे कळूनही ते वेगळेच का दिसतात?

तुम्ही म्हणताय ते बुद्धिबळाच्या पटाचं चित्र अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठाचे दृष्टी-संशोधक एडवर्ड अ‍ॅडेलसन यांचं, 1995 सालचं. पटावर हिरवा दंडगोल आणि त्याची सावली. सावलीबाहेरचा ‘ए’ चौकोन काळपट दिसतो, सावलीतला ‘बी’ चांगला फिकट; मोजायला जा, तर दोन्ही अगदी एकच करडे. खात्री करायची असेल तर कागदाला दोन भोकं पाडून चित्रावर ठेवा, फक्त ते दोन चौकोन दिसतील असा. फरक गायब. कागद उचलला की पुन्हा हजर!

वस्तूवरून किती उजेड आला याच्याशी मेंदूला फारसं घेणंदेणं नसतं. वस्तू मुळात काळी की पांढरी, हे त्याला हवं असतं. भर उन्हात पेपर वाचताना काळ्या अक्षरांवरून डोळ्यात जितका उजेड येतो, तितका घरात ट्यूबलाइटखाली कोऱ्या कागदावरूनही येत नाही. तरी उन्हातली शाई कधी पांढरी दिसलीये?

चित्रात मेंदू हेच करतो. ‘बी’च्या चारही बाजूंचे चौकोन त्याच्याहून गडद आहेत, म्हणजे हा फिकटांपैकी. शिवाय सावलीची कड विरत गेलेली आहे, आणि रंग बदलल्यावर कड सहसा अशी विरत नाही. म्हणजे इथे उजेडच कमी पडलाय, असं धरून तो ‘बी’ला वरचे मार्क देऊन टाकतो.

आता कळूनही का दिसतं? कारण हा सगळा हिशेब तुमच्यापर्यंत पोचायच्या आधीच उरकलेला असतो. तुमच्या माहितीला तिथे कोणी विचारत नाही. म्युलर-लायरच्या चित्रात दोन सारख्याच लांबीच्या रेघा असतात, एकीच्या टोकांना आत वळलेले बाण, दुसरीच्या टोकांना बाहेर वळलेले. 1889 पासून लोक त्या पट्टी लावून मोजताहेत, तरी एक लांब दिसते ती दिसतेच. तेव्हा नजर कमजोर आहे की काय, ही काळजी सोडा. (व्हॉट्सअ‍ॅपवर ‘आधी काय दिसलं त्यावरून स्वभाव ओळखा’ म्हणून चित्रं फिरतात, तीही सोडा. त्यांना काडीचा आधार नाही.)

खरी अडचण होते चित्रं काढणाऱ्यांची. सावलीतला पांढरा सदरा रंगवताना नवशिका हमखास पांढराच रंग उचलतो, आणि सावली काही उतरत नाही. चित्रकलेच्या वर्गात डोळे किलकिले करून बघायला सांगतात ते खरा उजेड-अंधार दिसावा म्हणूनच.