गोविंद निहलानी मुळात कॅमेरामन, तरी त्यांच्या सिनेमांत कॅमेरा मिरवत का नाही?

तुमचं निरीक्षण बरोबर आहे. ‘अर्धसत्य’ किंवा ‘आक्रोश’ आठवायला गेलं की देखणी फ्रेम नाही, माणसं समोर येतात. माझ्या मते याचं उत्तर ते कोणाच्या संगतीत वाढले त्यात आहे.

निहलानींचा जन्म १९४० चा, कराचीतला. फाळणीनंतर घर इकडे आलं. बंगळुरूच्या पॉलिटेक्निकमध्ये छायालेखन शिकून ते व्ही. के. मूर्तींचे सहायक झाले. गुरुदत्तच्या सिनेमांतला तो उन्हाचा झोत आणि काळोख ज्यांचा, तेच मूर्ती. पण १९७१ मध्ये नाट्यदिग्दर्शक सत्यदेव दुबेंनी ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ हे नाटक पडद्यावर आणलं तेव्हा कॅमेरा निहलानींकडे होता आणि पटकथा नाटककार विजय तेंडुलकरांची. म्हणजे सुरुवातीलाच हा माणूस नाटकवाल्यांत येऊन पडला, आणि मला विचाराल तर शेवटपर्यंत तिथेच राहिला.

छायालेखक म्हणून त्यांची खरी कमाई श्याम बेनेगलांबरोबरची: ‘अंकुर’, ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’, ‘जुनून’, ‘कलयुग’. एकाच हाताचं काम आहे हे सांगावं लागतं, इतका प्रत्येकाचा पोत वेगळा. हंसा वाडकरांच्या ‘सांगत्ये ऐका’वरून केलेली ‘भूमिका’ तर मुद्दाम पाहा. कृष्णधवल आणि रंगीत अशी ये-जा करत ती काळ बदलते, पाटी लावायची गरज पडत नाही. १८५७ च्या धामधुमीतल्या ‘जुनून’साठी त्यांना छायालेखनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. रिचर्ड ॲटनबरोंच्या ‘गांधी’च्या दुसऱ्या युनिटचं, म्हणजे मुख्य चमूखेरीज वेगळं चित्रण करणाऱ्या चमूचं, कामही त्यांनी केलं.

मग १९८० चा ‘आक्रोश’. दिग्दर्शन आणि कॅमेरा दोन्ही निहलानींचं, लेखन पुन्हा तेंडुलकरांचं. इथे मात्र तुमच्याशी थोडा वाद घालतो. बायकोच्या खुनाचा आरोप डोक्यावर असलेला लहान्या भिकू जवळजवळ सगळा सिनेमा गप्प आहे. वकील विचारून विचारून थकतो, आणि कॅमेरा ओम पुरींच्या त्या खडबडीत चेहऱ्यावरून हलायला तयार नसतो. संवाद नसताना एवढी अस्वस्थता कॅमेरामननेच आणली ना? फक्त त्याने आपली हुशारी मध्ये येऊ दिली नाही.

‘अर्धसत्य’ (१९८३) श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ कथेवरचा. पटकथा तेंडुलकर, संवाद वसंत देव, त्यातली चक्रव्यूहाची कविता दिलीप चित्र्यांची, आणि खलनायक रामा शेट्टी झालेले सदाशिव अमरापूरकर आपल्या रंगभूमीवरून गेलेले. इतका मराठी हिंदी सिनेमा दुसरा सुचत नाही. ओम पुरींना त्यासाठी राष्ट्रीय पारितोषिक मिळालं आणि कार्लोव्ही व्हारीच्या चित्रपट महोत्सवातही गौरव झाला.

एक गोष्ट फारशी कोणी सांगत नाही. दूरदर्शनवर १९८८ मध्ये ‘तमस’ ही मालिका आली, निहलानींच्या स्वतःच्या पिढीची फाळणीची जखम. तिचा कॅमेरा त्यांनी स्वतःकडे न ठेवता मूर्तींना दिला. शिष्य दिग्दर्शक आणि गुरू कॅमेऱ्यामागे! स्वतःच्या फ्रेमच्या प्रेमात पडलेल्या माणसाला हे जमलं नसतं.

सगळंच जमलं असं नाही. ‘तक्षक’मध्ये (१९९९) अजय देवगण आणि रहमानची गाणी घेऊन त्यांनी बाजारी सिनेमाशी जुळवून घ्यायचा प्रयत्न केला, तो अंगाला न बसलेल्या कोटासारखा वाटतो. ‘ती आणि इतर’ (२०१७) हा त्यांचा मराठी सिनेमा मंजुळा पद्मनाभन यांच्या नाटकावरचा. विषय दमदार, पण मला तो रंगमंचावरून पुरता खाली उतरलेला वाटला नाही.

सुरुवात कुठून करायची विचाराल, तर ‘पार्टी’ (१९८४). महेश एलकुंचवारांचं नाटक, विजया मेहतांच्या दमयंती राणेंचं घर, एकच संध्याकाळ, आणि सगळे ज्याच्याबद्दल बोलतात तो अमृत तिथे नाहीच. गर्दीतल्या एका घोळक्याकडून दुसऱ्याकडे कॅमेरा कसा सरकतो, आणि बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्यावर किती वेळा थांबतो, तेवढं बघा.