मुंबईत कुठे चालायला गेलं की आपण किती लहान आहोत ते कळतं?

रोजच्या कटकटींनी डोकं भणभणलं की कुठे चालायला जावं, असं तुम्ही विचारलंय. मी कान्हेरीची लेणी म्हणेन. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानाच्या गेटपासून साधारण ६ किलोमीटर. बस मिळते, पण चालतच जा.

मागच्या पावसाळ्यात ऑफिसातला एक अपमान मनात घोळवत गेले होते. वर कातळात खोदलेल्या एका टाक्याच्या काठावर टेकले. दगडातल्या पन्हळीतून पाणी टाक्यात उतरत होतं आणि शेवाळावरून एक इवलीशी गोगलगाय निघाली होती. इथली शंभरावर लेणी इसवी सनापूर्वीपासून सुमारे हजार वर्षं खोदली जात होती. छिन्नीचे घाव अजून बोटांना लागतात, पण तो हात कुणाचा, कुणालाच ठाऊक नाही. आणि खुद्द कातळ? ज्वालामुखीतून आलेला, ६ कोटी वर्षांहून जुना. माणूस तेव्हा कुठेच नव्हता! मला भीती नाही वाटली, उलट फार हलकं वाटलं. उतरताना तो अपमान मुद्दाम आठवावा लागला.

वेळ कमी असेल तर अंधेरीची गिल्बर्ट हिल बघा. तोही तशाच जुन्या लाव्हाचा, सुमारे ६० मीटर उंच सुळका, इमारतींच्या गराड्यात उभा. उद्यान सोमवारी बंद असतं, इतर दिवशी सकाळी लवकर निघा.