विक्रांतवर चाललेल्या खानदेशी पोरासाठी

भाऊ, चोपडा-शिरपूरकडून थेट नौदलाच्या विक्रांत या विमानवाहू जहाजावर चाललास, तर आधी वाट पाठ कर. 262 मीटर लांबीच्या त्या जहाजात 2,300 च्या आसपास कप्पे आहेत. झोपायच्या जागेपासून आपल्या ॲक्शन स्टेशनपर्यंत, म्हणजे लढाईच्या वेळच्या नेमून दिलेल्या जागेपर्यंत, डोळे बांधून, हाताने चाचपत जाता आलं पाहिजे. जहाजाला मार बसला की दिवे जातात, धूर भरतो.

जलरोधक दार लावताना पहिली क्लिप (दार आवळायची खिटी) बिजागरीच्या समोरच्या बाजूची, जेमतेम दार धरेल इतकीच आवळ. मग बाकीच्या सारख्या आवळत जा. उघडताना मात्र आधी बिजागरीकडच्या सोड. उलटं केलंस आणि पलीकडे पाणी असलं तर दार अंगावर उसळतं. रबरी पट्टीला रंग लागू देऊ नको, मग ती पाणी धरत नाही.

कपडे सुतीच. नायलॉन-पॉलिस्टरचं बनियनसुद्धा घरी ठेव. आगीच्या झळेत ते वितळून कातडीला चिकटतं. बाह्या खाली, झळेपासून वाचवणारे अँटी-फ्लॅश टोप आणि हातमोजे चढवलेले. उकडेल, पण जळगावचा मे काढलेल्या पोराला ते झेपतं.

विमानांच्या उड्डाणाआधी सगळे रांगेने चालत डेकवर पडलेल्या सुट्या वस्तू वेचतात. तेव्हा मान खाली. एक सुटा स्क्रू इंजिनाने ओढला तर पाती मोडतात. खिसे रिकामे ठेव.

आणि आईला निघण्याआधीच सांग: फोन कित्येक दिवस येणार नाही, आणि जहाज कुठे आहे हे मला विचारायचं नाही.