देव-सण जुळले नाहीत म्हणून दावा अवैध?

प्रश्न : माझ्या मुलीचा ठाकूर जमातीचा दावा पडताळणी समितीने अवैध ठरवला. पणजोबांच्या १९३४ च्या शाळेच्या नोंदीत ‘ठाकूर’ आहे, माझ्या सख्ख्या भावाकडे वैधता प्रमाणपत्र आहे. तरी ‘देव-सण, चालीरीती जुळत नाहीत’ असा शेरा. मेडिकलची जागा जाईल. मंत्रालयात अपील करावं का?
– एक वडील, धुळे जिल्हा

उत्तर : दादा, मंत्रालयाच्या वाटेला जाऊ नका. जात पडताळणीच्या २००० च्या कायद्याच्या कलम ७ प्रमाणे समितीचा आदेश अंतिम असतो. दाद मागायची ती फक्त उच्च न्यायालयात, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करून. तुमच्यासाठी छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ.

आज रात्री पेन्सिल घेऊन आदेश वाचा. पणजोबांच्या नोंदीबद्दल समितीने काय लिहिलंय? भावाच्या वैधतेबद्दल? एक ओळही नसेल, तर तीच तुमची सगळ्यात भक्कम बाजू. सर्वोच्च न्यायालयाने मोहिंदरसिंग गिल खटल्यात स्पष्ट सांगितलंय की आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकला पाहिजे. मागाहून प्रतिज्ञापत्रात नवी कारणं जोडून चालत नाही.

देव-सणांची आप्तभाव चाचणी (जमातीचे देव, सण, चालीरीती जुळतात का ते पाहणं) हा एकमेव निकष नाही, हेही त्याच न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये ठाकूर जमातीच्याच प्रकरणात म्हटलंय. तीन पिढ्या शहरात राहिलेल्या मुलीला पाड्यावरची लग्नगीतं येत नाहीत म्हणून तिचा पणजोबा बदलत नाही! मी अशी रजिस्टरं हाताळली आहेत. कडा वाळवीने खाल्लेल्या, शाई तपकिरी झालेली, पण जातीच्या रकान्यातला मोडी शब्द शाबूत. १९५० पूर्वीच्या अशा नोंदीचं वजन मोठं असतं.

भावाचं नुसतं प्रमाणपत्र पुरणार नाही. ते दक्षता पथकाच्या (समितीसाठी प्रत्यक्ष चौकशी करणाऱ्या पथकाच्या) चौकशीनंतर मिळालं का, हे न्यायालय विचारतं. त्याचा मूळ आदेश आणि वंशावळ काढून ठेवा. मुलीच्या प्रकरणातला दक्षता अहवाल तुम्हाला दिला होता का, खुलाशाची संधी मिळाली का, तेही वकिलांना सांगा.

एक गोष्ट मनाची तयारी ठेवून ऐका. न्यायालय बहुधा स्वतः जात ठरवायला बसत नाही. समितीने निर्णय कसा घेतला ते तपासतं, आणि पुष्कळदा प्रकरण फेरनिर्णयासाठी परत पाठवतं. म्हणून याचिकेतच प्रवेशाला अंतरिम संरक्षण, म्हणजे निकालापर्यंत जागा राखणारा आदेश, मागा, आणि प्रवेशफेरी संपायच्या आत.

आदेश ज्या लिफाफ्यातून आला तो फेकू नका. आदेश कधी आला हे दाखवायला त्यावरच्या टपालाच्या शिक्क्याची तारीख लागेल.