रात्री झोपला तोच सकाळी उठतो कशावरून?

झोप लागताना आणि जाग येताना क्षणभर 'मी कोण, कुठे' तेच कळत नाही, मग उठणारा तोच कशावरून, असं तुम्ही विचारलंय. 'आठवण म्हणजेच मी' म्हणणारे इथे येतीलच. त्यांच्याशी माझं जुनं भांडण आहे.

हा प्रश्न ब्रह्मसूत्रात आहे (३.२.९). शंकराचार्यांच्या त्यावरच्या भाष्यातला पूर्वपक्ष, म्हणजे शंका घेणारी बाजू, म्हणते, पाण्याच्या साठ्यात टाकलेला थेंब पुन्हा काढायला गेलं तर तोच हाती लागत नाही, झोपलेल्याचंही तसंच. त्यावर उत्तर असं की, काल अर्धवट सोडलेलं काम आज तोच पुरं करतो, शिवाय 'हे मी काल पाहिलं' ही आठवणही त्यालाच असते. कामाचा मुद्दा पक्का. आठवणीचा मात्र लंगडा, कारण आठवण गेली तरी काहीतरी उरतं.

हार्वर्डचे झोपेचे संशोधक रॉबर्ट स्टिकगोल्ड यांनी स्मृतिभ्रंशाच्या ५ रुग्णांना टेट्रिस, हा वरून पडणारे तुकडे जुळवायचा संगणकावरचा खेळ, खेळायला दिला. निष्कर्ष २००० साली छापले. आपण खेळलो हेच त्यांना आठवेना. तरी डोळा लागताना तिघांना वरून पडणारे, फिरणारे तुकडे दिसले! तेव्हा घरातल्या विसरभोळ्या म्हाताऱ्यासमोर 'आता ते उरलेच नाहीत' असं कृपा करून म्हणू नका.

डोळा लागतानाची अशी चित्रं स्वतः बघायची असतील तर दुपारी जेवल्यावर हाताच्या खुर्चीत बसा. पलंगावर नको, तिथे डोळा लागण्याचा हा टप्पा कधी सरला ते कळत नाही. एक हात बाहेर लोंबता ठेवा, चिमटीत स्टीलचा जड चमचा, बरोबर खाली ताटली. नुसत्या सतरंजीवर आवाज होत नाही. पेंग आली की बोटं सैल पडतात आणि खणकन जाग येते. चमचा उचलायला वाकू नका. शेवटचं काय दिसलं ते आधी लिहा, नाहीतर वाकेपर्यंत पुसलं जातं. मुठीत घट्ट धरलात तर तो उशिरा सुटतो, तोवर गाढ झोप लागलेली असते. वीसेक मिनिटांत पडला नाही तर त्या दिवशी नाद सोडा.

सकाळच्या गोंधळाचं म्हणाल तर मेंदू एकदम जागा होत नाही. थॅलॅमस हा मेंदूच्या आतला भाग आधी उठतो, कपाळामागचा भाग सावकाश.

एक राहिलंच. जाग आली तरी अंग हलत नाही, छातीवर कोणी बसलंय असं वाटतं, ते भूत नव्हे. स्वप्नांच्या झोपेत स्नायू ढिले पडतात, तो ढिलेपणा जागेपणी रेंगाळतो. उताणं झोपणाऱ्यांना जास्त. कुशीवर झोपा. पण दिवसा अनावर झोप येत असेल आणि हसताना गुडघे लटके पडत असतील तर चमचा ठेवा बाजूला, आधी झोपविकारांचे डॉक्टर गाठा.